जावयाचं लायसन

व्याह्यांनी स्वतःच्या खिशातून मला चहा पाजला, तेव्हाच मी सावध झालो. आमच्याकडे चहा मुलीच्या बापाने पाजायचा आणि मुलाच्या बापाने त्यात साखर कमी आहे म्हणायचं, अशी रीत. माझ्या वैजयंताच्या लग्नाला चार वर्षं झाली होती आणि तेवढ्या काळात आनंदराव घोरपड्यांनी मला साधं पान खाऊ घातलं नव्हतं. त्या दिवशी मात्र विट्याच्या कोर्टाच्या व्हरांड्यात ते स्वतः हातात कप धरून माझ्यापुढे उभे होते.

"घ्या पाव्हणं. आलं घातल्यालं हाय."

मी कप घेतला. पहिल्याच घोटाला जीभ भाजली, पण तसं दाखवलं नाही.

"आज साक्ष तुमची," ते माझ्याशेजारी बाकावर टेकत म्हणाले. "वकिलानं शिकवलं आसंल बरंच."

"शिकवलंय थोडं."

"वकील काय, फी घिऊन मोकळा. नाती आपुन संबाळायची. तुमी फकस्त एवढंच सांगायचं, की आमचा विक्रांत तुमाला आदीच म्हनला हुता, 'मामा, माझ्याकडं लायसन न्हाय.' आन तुमी म्हनलासा, 'आवो, आपल्या भागात कोन बघतंय? फिरवा.' बास, एवढंच."

"पन आसं झालंच न्हाय, आनंदराव."

"झालं न्हाय त्ये मला बी ठावं हाय. सांगाय काय जातंय?"

त्यांनी मान न वळवता नुसत्या डोळ्यांनी व्हरांड्याच्या टोकाकडे खूण केली. तिथे खांबाला टेकून माझी लेक उभी होती. डोक्यावर पदर, नजर फरशीवर. दोन दिवाळ्या त्यांनी तिला माहेरी पाठवली नव्हती. आज तिचं काही काम नसताना मुद्दाम आणली होती, ती मला दिसावी म्हणून.

"न्हायतर मग तिला आजच घिऊन जावा," आनंदराव म्हणाले. "माझ्या पोराला भर कोर्टात फशिवनारा ठरवायचं आन लेक त्याच्याच घरात नांदवायची, ह्ये जमायचं न्हाय."

एवढं बोलून ते उठले. रिकामा कपसुद्धा त्यांनीच उचलून नेला, आणि त्या अदबीने माझी उरलीसुरली हवा गेली.

मी हिंदुराव साळुंखे. मंडप, खुर्च्या, भांडी आणि दोन टेंपो असा माझा धंदा होता. पंचक्रोशीतल्या निम्म्या लेकी माझ्याच मंडपातून सासरी गेल्या असतील. या गोष्टीला आता वीसएक वर्षं झाली. त्याच्या दोन वर्षं आधी अधिक महिना आला होता, म्हणजे आमच्या भाषेत धोंड्याचा महिना. तीन वर्षांतून एकदा येतो आणि सासऱ्याला धुऊन जातो. त्या महिन्यात जावई म्हणजे साक्षात नारायण. त्याला बोलवायचं, पुरणाचे धोंडे खाऊ घालायचे, वाण द्यायचं आणि वर त्याच्या पाया पडायचं. जावई हा दहावा ग्रह म्हणतात, पण बाकीचे नऊ निदान ढेकर तरी देत नाहीत.

विक्रांतराव आले, जेवले. शालननं, म्हणजे माझ्या बायकोनं, त्यांच्यापुढे वाणाचं ताट धरलं. त्यांनी ताटातला शर्टपीस बोटाने उलटा-सुलटा करून पाहिला आणि म्हणाले, "मामा, नवी जीप घेतलीया म्हनं. आमाला न्हाय व्हय दावायची?"

जीप येऊन महिनासुद्धा झाला नव्हता. पुढच्या काचेवरचं कुंकू तसंच होतं. शालननं माझ्याकडे पाहिलं, मी तिच्याकडे पाहिलं, आणि तिनं किल्ली आणून वाणाच्या ताटात ठेवली. वर दोन अक्षता टाकल्या. आता ताटातली वस्तू परत कोण काढून घेणार? विक्रांतरावांनी किल्ली उचलली, वैजयंताला म्हणाले, "चल, बस," आणि गेले.

पंधरा मिनिटांत गावातला एक जण पळत आला. वळणावर जीपनं भैरू ऐवळ्याची सायकल उडवली होती. भैरू म्हणजे सनईवाला. माझ्या मंडपात लग्न आणि भैरूची सनई नाही, असं सहसा व्हायचं नाही. त्याच्या फासळ्या मोडून फुप्फुसात घुसल्या. तो वाचला, पण दहा पावलं चालला की धापा टाकायचा. सनई फुंकणं तर सोडाच. विक्रांतरावांना आणि वैजयंताला खरचटलंसुद्धा नव्हतं. पोलिसांनी लायसन मागितलं तेव्हा कळलं की जावईबापूंकडे ते नाहीच. कधी काढलेलंच नव्हतं. पंधराव्या वर्षापासून गाड्या चालवत होते, आणि कारखान्याच्या माजी संचालकाच्या, म्हणजे आनंदरावांच्या, पोराला कुणी अडवायचं?

भैरूनं भरपाईचा दावा लावला. जीपचा विमा होता, पण कंपनी म्हणाली, विनालायसन माणसाच्या हातात गाडी दिली, आम्ही बांधील नाही. भांडण येऊन अडलं ते माझ्यावर. मालकाला ठाऊक होतं की नव्हतं? त्यावर त्या दिवशी माझी साक्ष होती.

आनंदराव गेल्यावर माझे वकील मोकाशी आले. त्यांनी मला जिन्याखाली नेलं.

"काय म्हणत होते व्याही?"

मी सांगितलं. मोकाशींनी कपाळावर हात मारला.

"अहो हिंदुराव, तसं बोललात तर मेलात. माहीत असून गाडी दिली म्हटलं की कंपनी हात वर करणार. सगळा बोजा तुमच्यावर. भैरू वर्षानुवर्षं तुमच्या दारात बसणार, आणि तुमच्याकडे आहे काय द्यायला?"

"मग?"

"मी सांगितलंय तेच. जावई म्हणाला, लायसन आहे. तुम्ही विश्वास ठेवला. मालक फसवला गेला असेल तर त्याचा दोष नाही. कंपनी पैसे देईल, भैरू सुटेल, तुम्ही सुटाल."

"आन जावई?"

"कंपनी त्याच्या मागे लागेल. लागू दे की. चूक कुणाची आहे?"

"पन त्यो तसं म्हनला न्हाय, सायेब. त्यो लायसन हाय म्हनला न्हाय, की न्हाय बी म्हनला न्हाय. मी बी इचारलं न्हाय. खरं ह्ये एवढंच हाय."

मोकाशींनी हातातली फाइल मिटली. "खरं सांगून इथं कुणाचंच भलं होत नाही, हिंदुराव. व्याह्यांची मर्जी जाईल, आणि न विचारता गाडी दिली म्हणून कंपनी तुम्हालाच धरेल. दोन्हीकडून मार."

जिन्याखालून बाहेर पडतो तर समोर भैरूची बायको सुगंधा. भैरूला तिनं भिंतीशी बसवलं होतं. धाप लागू नये म्हणून तो तोंड उघडं ठेवून बसला होता.

"आण्णा," ती म्हणाली, "वकीलसाहेब सांगत्यात तसं बोला. तुमच्या पाया पडते. कंपनीचा पैसा आला तर दवाखाना हुईल. तुमच्याकडनं काय येनार? तुमी कुठनं देनार?"

"बघतो गं."

"बघतो नगा म्हनू. चार वरसं झाली असतील, तुमच्या वैजूच्या लग्नात वरातीपतूर ह्यांनी सनई वाजवली. बिदागी घेतली न्हाय, लेकीचं लगीन म्हनून."

हे मला ठाऊक नव्हतं असं नाही, पण तिनं तोंडावर बोलून दाखवल्यावर मला तिथे उभं राहवेना. इकडे आड, तिकडे विहीर म्हणतात. मला तर चारही बाजूंनी विहिरीच दिसत होत्या. मनातून मी भैरू आणि सुगंधावरही चिडलो. आपल्या पोटात जे आहे ते सोडून बाकी काहीही बोल, असं सगळं जग मला सांगत होतं. त्याच चिडीत मी ठरवून टाकलं. भैरूचं जे व्हायचं ते होवो, माझं वाटोळं होवो, पण लेक नांदली पाहिजे. 'मला ठाऊक होतं' असंच म्हणायचं. लेकीच्या बापाला दुसरा रस्ता असतो कुठे?

पुकारा झाला. मी पिंजऱ्यात उभा राहिलो, शपथ घेतली. कंपनीच्या वकील पेंढारकरबाई मध्यम वयाच्या होत्या, बोलायला अगदी मऊ. मला वाटलं होतं, येऊन अंगावर ओरडतील. त्यांनी धंद्याची चौकशी सुरू केली.

"तुमचे स्वतःचे टेंपो आहेत?"

"दोन हायत."

"त्यांच्यावर ड्रायव्हर कसा ठेवता?"

ह्या प्रश्नाला मी फसलो. कारण ह्या बाबतीत मला फार अभिमान होता. आमच्या धंद्यात निम्मे लोक टेंपोसकट रस्त्याखाली जातात, माझा एकही टेंपो कधी उलटला नव्हता.

"आदी लायसन बघतो," मी म्हणालो. "मागनं-फुडनं. फोटू आन तोंड जुळतंय का बघतो. मग बांबू भरून टेंपो त्याच्या हातात देतो आन शेजारी सोता बसतो. बाजारातनं काढाय लावतो. घाटात मागं घ्यायला लावतो. एकदा बी शिवी दिली तर पैल्याच दिशी रजा."

"शिवी दिली तर?"

"शिवी देनारा बिरेक उशिरा मारतो, बाई. ह्यो माझा अनुभव हाय."

कोर्टात खसखस पिकली. मला चेव आला.

"आन पितो का, ह्ये त्याला इचारत न्हाय. त्याच्या घरी जाऊन बायकोला इचारतो. बायकू खोटं बोलली तरी तिच्या तोंडाकडं बघून कळतंय."

"वा," पेंढारकरबाई म्हणाल्या. "आणि एवढी पारख करणारे तुम्ही, विक्रांत घोरपडे यांनी लायसन नाही असं सांगितल्यावरही नवी जीप त्यांना दिलीत? तसं त्यांनी लेखी म्हटलंय."

आता फक्त 'व्हय' म्हणायचं होतं. एकच शब्द, आणि तो तोंडात आणून ठेवलेला होता. मी समोर पाहिलं. विक्रांतराव पहिल्या रांगेत पायावर पाय टाकून बसले होते. आनंदराव मला मान हलवून धीर देत होते. मागे भैरूला खोकल्याची उबळ आली आणि सुगंधा त्याची पाठ चोळायला लागली. दाराशी वैजयंता होती. तिनं सकाळपासून पहिल्यांदा नजर वर केली होती आणि सरळ माझ्याकडे बघत होती. तिला काय हवंय ते मला कळेना. खरंच सांगतो, कळेना.

"साक्षीदार, उत्तर द्या," न्यायाधीश म्हणाले.

"त्यांनी सांगितलं न्हाय," मी म्हणालो.

आनंदरावांची मान थांबली.

"म्हणजे लायसन आहे असं सांगितलं?" बाईंनी विचारलं. मोकाशी खुर्चीत पुढे सरकले.

"त्ये बी न्हाय."

"तुम्ही विचारलंत?"

"न्हाय."

"का नाही?"

"जावई हायत त्ये."

आता सगळं कोर्ट हसलं. न्यायाधीशांनी टेबलावर पेन आपटलं. पेंढारकरबाई मात्र हसल्या नाहीत.

"टेंपोत बांबू असतात तर तुम्ही ड्रायव्हरच्या बायकोपर्यंत जाता, हिंदुराव. त्या दिवशी जीपमध्ये ड्रायव्हरशेजारी कोण होतं?"

"माझी पोरगी."

"मग?"

मी एकदा त्यांच्याकडे आणि एकदा न्यायाधीशांकडे बघत राहिलो. शेवटी न्यायाधीशच म्हणाले, "जावयाला लायसन विचारत नाहीत. मग विचारतात तरी काय?"

"काय बी न्हाय, सायेब. पोट भरलं न्हवं, एवढंच."

टाइप करणाऱ्या बाईंनी तेही टाइप केलं असावं, कारण त्यांची बोटं थांबली नाहीत. मी खरं बोललो होतो आणि मला अजिबात हलकं वाटत नव्हतं. पुस्तकात वाटतं म्हणतात, मला भीती वाटत होती.

निकाल नंतर लागला. कंपनीनं भैरूला आधी भरपाई द्यावी आणि ती माझ्याकडून वसूल करून घ्यावी, असा. म्हणजे भैरूला वाट बघावी लागली नाही. माझी जीप गेली, एक टेंपो गेला, निम्म्या खुर्च्या गेल्या. पण त्या दिवशी यातलं काहीच ठाऊक नव्हतं. सुगंधा व्हरांड्यात माझ्याकडे पाठ करून उभी राहिली, मोकाशी न बोलता निघून गेले, आणि आनंदराव तरातरा माझ्यासमोर आले.

"झालं समाधान? घिऊन जावा आता लेक."

"आनंदराव, मी तुमच्या पोराला फशिवनारा म्हनलो न्हाय."

"खोटारडा तर ठरवलासा! त्यानं लिहून दिल्यालं तुमी खोटं पाडलं, भर कोर्टात."

"बाबा, चला की. उशीर हुतोय," विक्रांतराव म्हणाले. ते बायकोकडे बघतसुद्धा नव्हते. हातातली मोटारसायकलची किल्ली बोटाभोवती फिरवत होते.

मी काय केलं ते सांगायला आजही जड जातं. डोक्यावरची टोपी काढली आणि व्हरांड्यात, शंभर लोकांच्या देखत, आनंदरावांच्या पायावर ठेवली. "चूक माझी," मी म्हणालो. "काय दंड करायचा त्यो मला करा. पोरीला न्या." आनंदरावांनी पाय मागे घेतला. टोपी फरशीवर पडली.

वैजयंता खांबापासून निघाली आणि चालत आली. वाकून तिनं टोपी उचलली, पदरानं धूळ झटकली आणि माझ्या डोक्यावर ठेवली.

"टेंपो कुठं लावलाय, आबा?"

"आगं, तू जा त्यांच्यासंगं. मी बोलतो, उद्या चार मानसं घिऊन येतो..."

"टेंपो कुठं लावलाय?"

तिनं सासऱ्याकडे पाहिलं नाही, नवऱ्याकडे पाहिलं नाही. ती पुढे आणि मी मागे, असे आम्ही कोर्टाच्या बाहेर पडलो. तिच्याजवळ पिशवीसुद्धा नव्हती, अंगावरची साडी तेवढी.

विटा गाव मागे पडेपर्यंत मी एकटाच बोलत होतो. राग निवला की नेतील परत. मी सरपंचांना मध्ये घालतो. तुझी आई जाऊन व्याहीणबाईंना भेटेल. ती खिडकीतून बाहेर बघत होती. मधेच माझं बोलणं आपोआप बंद पडलं. आजवर ती माहेरी आली की मी तिला 'बरी हाईस न्हवं?' असंच विचारत आलो होतो. त्याला 'व्हय' सोडून दुसरं उत्तर कोण देणार? ड्रायव्हरच्या बायकांना मी तसं कधीच विचारलं नव्हतं.

"वैजू," मी म्हणालो. माझाच आवाज मला परका वाटला. "त्यो मारतो का गं तुला?"

तिनं खिडकीबाहेरची नजर समोरच्या रस्त्यावर आणली. मग म्हणाली, "टेंपो कडंला घ्या, आबा."

मी बाभळीखाली टेंपो थांबवला, इंजिन बंद केलं. ती समोरच्या काचेकडे बघत बोलायला लागली.

"त्या दिवशी वळणावर भैरूकाका दिसले मला. मी म्हटलं, 'हळू घ्या, सायकल हाय फुडं.' तर म्हणाला, मला शिकवतीस का? आन माझ्या तोंडात मारायला हात उचलला. स्टेरिंगवरचा."

माझे हात अजून स्टिअरिंगवरच होते. ते मी मांडीवर घेतले.

"मग पोरी, दोन वर्सं झाली," मी म्हणालो. "पोलीस येऊन गेले, वकील झाले, पंचनामा झाला. तू बोलली का न्हाईस?"

तिनं पहिल्यांदा माझ्याकडे तोंड वळवलं. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, नुसतं नवल होतं.

"मला कुनी इचारलंच न्हाय, आबा."